लंबकोनी बहुपदी : एका संज्ञेचा अर्थ आणि उपयोग

राहुरी, अकोला, परभणी आणि दापोली येथील कृषी विद्यापीठांच्या प्रक्षेत्रांवर खतांच्या मात्रांचे प्रयोग होत असतात. पिकाला किती नत्र द्यावे, किती स्फुरद द्यावे याच्या शिफारशी अशा प्रयोगांतून निघतात आणि विस्तार कार्यकर्त्यांमार्फत गावोगाव पोचतात. या प्रयोगांचे विश्लेषण वाचताना ‘रेषीय परिणाम’, ‘वर्ग परिणाम’, ‘घन परिणाम’ असे शब्द भेटतात आणि त्यांच्या मुळाशी ‘लंबकोनी बहुपदी’ ही संज्ञा असते. गणिताचा विशेष अभ्यास नसलेला वाचक बहुधा येथे थबकतो आणि शेवटचा निष्कर्ष तेवढा वाचून पान उलटतो. तथापि, शेतकऱ्याने खतावर किती पैसा खर्च करावा हा प्रश्न ज्या कोष्टकावर अवलंबून आहे, ते कोष्टक काय सांगते हे समजून घेणे फारसे कठीण नाही. त्यासाठी प्रथम या संज्ञेतील दोन शब्दांची फोड केली पाहिजे.

शब्दाची फोड

‘बहुपदी’ हा शब्द आता माध्यमिक शाळेतील विद्यार्थ्यांच्याही परिचयाचा आहे. एखाद्या चल राशीचे निरनिराळे घात घेऊन, त्यांना संख्यांनी गुणून जी बेरीज होते ती बहुपदी. चल राशीचा पहिलाच घात असेल तर ती रेषीय बहुपदी. आलेखावर तिची सरळ रेषा उमटते. दुसऱ्या घातापर्यंत गेल्यास वर्ग बहुपदी होते. तिच्या रेषेला एक बाक असतो. तिसऱ्या घाताची ती घन बहुपदी.

‘लंब’ हा शब्द आपल्याकडे फार जुना आहे. भास्कराचार्यांनी इ. स. ११५० च्या सुमारास रचलेल्या ‘लीलावती’ ग्रंथात त्रिकोणाच्या उंचीला लंबच म्हटले आहे. गवंडी भिंतीचा उभेपणा तपासण्यासाठी जो ओळंबा सोडतो, त्याच्या नावातही हाच धातू आहे. पाश्चात्त्य भाषांतील ‘ऑर्थोगोनल’ हा शब्द सरळ किंवा उभा आणि कोन या अर्थांच्या दोन ग्रीक शब्दांपासून बनला. म्हणून त्यास मराठीत ‘लंबकोनी’ म्हणणे अर्थाला धरून आहे.

मात्र बहुपदी म्हणजे काही भिंत नव्हे. दोन बहुपदी परस्परांशी काटकोन कसा करतील, हा प्रश्न साहजिक आहे.

काटकोनाचा गुण कोणता ?

पूर्वेकडे कितीही चालले तरी मनुष्य उत्तरेकडे तसूभरही सरकत नाही. पूर्व आणि उत्तर या दिशा एकमेकींशी काटकोनात असल्यामुळे एका दिशेतील हिशेब दुसरीत मिसळत नाही. ईशान्येकडे चालल्यास मात्र दोन्ही हिशेब एकाच वेळी बदलतात. काटकोनाचा हा गुण गणितज्ञांनी अंकांच्या भाषेत मांडला. दोन दिशांचे घटक जोडीजोडीने गुणावेत आणि गुणाकारांची बेरीज करावी. ती शून्य आली तर त्या दिशा काटकोनात आहेत. उदाहरणार्थ, ३ पूर्व व ४ उत्तर ही एक दिशा आणि ४ पूर्व व उणे ३ उत्तर ही दुसरी दिशा घेतल्यास १२ आणि उणे १२ मिळून शून्य होते.

हीच कसोटी बहुपदींना लावता येते. ठरावीक स्थानांवर दोन बहुपदींच्या किमती काढाव्यात, त्या जोडीजोडीने गुणाव्यात आणि बेरीज करावी. बेरीज शून्य आल्यास त्या बहुपदी त्या स्थानांपुरत्या लंबकोनी होत. स्थाने सुटी नसून एक अखंड अंतर असेल, तर बेरजेच्या जागी समाकलन येते. काही वेळा सर्व स्थानांना सारखे महत्त्व नसते. तेव्हा प्रत्येक गुणाकाराला नेमून दिलेला ‘भार’ लावून मग बेरीज करतात. म्हणून ‘या बहुपदी लंबकोनी आहेत’ एवढेच विधान अपुरे असते. कोणत्या स्थानांवर आणि कोणत्या भाराने, हेही सांगावे लागते.

खताच्या चार मात्रा

आता एक उदाहरण पाहू. हेक्टरी ०, ४०, ८० आणि १२० किलोग्रॅम अशा नत्राच्या चार मात्रा दिल्या आणि अनुक्रमे १०, १८, २२ व २२ क्विंटल उत्पादन आले असे समजा. हे आकडे केवळ स्पष्टीकरणासाठी घेतले आहेत; ते कोणत्याही प्रत्यक्ष प्रयोगाचे नाहीत.

समान अंतरावरील चार मात्रांसाठी लंबकोनी बहुपदींच्या किमती पुढीलप्रमाणे असतात :

रेषीय : −३, −१, +१, +३
वर्ग : +१, −१, −१, +१
घन : −१, +३, −३, +१

कोणत्याही दोन ओळी जोडीजोडीने गुणून बेरीज केल्यास शून्य येते, हे वाचकांनी स्वतः पडताळून पाहावे. आता उत्पादनाचे आकडे प्रत्येक ओळीने गुणून बेरीज केली की रेषीय ओळीची बेरीज ४०, वर्ग ओळीची उणे ८ आणि घन ओळीची ० येते. प्रत्येक बेरजेचा वर्ग करून त्यास त्या ओळीतील अंकांच्या वर्गांच्या बेरजेने, म्हणजे अनुक्रमे २०, ४ आणि २० ने भागावे. उत्तरे ८०, १६ आणि ० अशी येतात. त्यांची बेरीज ९६.

दुसऱ्या बाजूने पाहू. चारही उत्पादनांची सरासरी १८ आहे. तीपासूनचे फरक उणे ८, ०, ४ आणि ४. त्यांच्या वर्गांची बेरीज ६४, ०, १६ व १६ मिळून ९६. म्हणजे उत्पादनातील एकूण चढउताराचा हिशेब तंतोतंत जुळला. ९६ पैकी ८० भाग खत वाढल्याने उत्पादन सरासरीने वाढत जाते या गोष्टीचा, १६ भाग ती वाढ मंदावत जाते या गोष्टीचा, आणि तिसऱ्या प्रकारचे काहीच नाही. एकाही भागाची दोनदा गणना झाली नाही की कोणताही भाग सुटला नाही. ‘लंबकोनी’ या शब्दाचे सामर्थ्य येथे दिसते.

साधे घात का पुरत नाहीत ?

लंबकोनी बहुपदी न वापरता साधे घात वापरले तर काय होईल ? मात्रांना ०, १, २, ३ असे क्रमांक देऊन केवळ सरळ रेषा बसविली, तर दर टप्प्याला ४ क्विंटल वाढ असे उत्तर येते. नंतर त्यात वर्गाचे पद घातले की पहिल्या घाताचा सहगुणक ४ चा एकदम १० होतो आणि वर्गाचा उणे २ येतो. नवे पद आले की जुने उत्तर बदलते; मग खताचा सरळ परिणाम ४ मानायचा की १० ? लंबकोनी बहुपदींच्या रूपात रेषीय सहगुणक २ आणि वर्ग सहगुणक उणे २ येतो. वर्ग पद घातले काय किंवा वगळले काय, रेषीय सहगुणक २ च राहतो. हाताने आकडेमोड करण्याच्या काळात यामुळे संशोधकांचे पुष्कळ श्रम वाचले.

या उदाहरणाचा व्यावहारिक अर्थ महत्त्वाचा आहे. सरळ रेषेवरच थांबणारा वाचक ‘जितके खत अधिक, तितके पीक अधिक’ असा सल्ला देईल. वर्ग परिणाम पाहणाऱ्यास मात्र वक्राचा माथा १०० किलोग्रॅमच्या आसपास आहे आणि ८० वरून १२० वर जाताना पदरात काहीच पडत नाही हे दिसेल. खताची किंमत हिशेबात घेतली तर किफायतशीर मात्रा माथ्याच्याही अलीकडे येते. शेवटच्या ४० किलोंचा खर्च शेतकऱ्याच्या खिशातून जातो, आणि पिकाने न घेतलेल्या नत्राचा काही अंश निचऱ्यावाटे भूजलात उतरू शकतो.

संज्ञेचा प्रवास

फ्रेंच गणितज्ञ लजांद्र यांनी अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात गुरुत्वाकर्षणाचा अभ्यास करताना ज्या बहुपदी मांडल्या, त्या आज त्यांच्याच नावाने ओळखल्या जातात. रशियातील चेबिशेव्ह यांनी १८५० नंतरच्या दशकात न्यूनतम वर्ग पद्धतीने निरीक्षणांना वक्र बसविण्यासाठी लंबकोनी बहुपदींचा पद्धतशीर विचार केला. शेतीत त्या आणण्याचे श्रेय प्रामुख्याने रोनाल्ड फिशर यांना जाते. इंग्लंडमधील रॉथॅमस्टेड येथे गव्हाचा दीर्घकालीन प्रयोग १८४३ पासून चालू होता. त्यातील अनेक दशकांच्या उत्पादनाचे विश्लेषण करून, सावकाश होणारा बदल आणि वर्षावर्षांतील चढउतार फिशर यांनी १९२१ मध्ये वेगळे करून दाखविले.

भारतात शेतीप्रयोगांच्या सांख्यिकीचा प्रसार करणाऱ्यांत सातारा जिल्ह्यातील बुध या गावी जन्मलेले डॉ. पां. वा. सुखात्मे अग्रणी होते. त्यांनी डॉ. वि. गो. पानसे यांच्यासह लिहिलेला ‘स्टॅटिस्टिकल मेथड्स फॉर अ‍ॅग्रिकल्चरल वर्कर्स’ हा ग्रंथ भारतीय कृषी संशोधन परिषदेने १९५४ मध्ये प्रसिद्ध केला. पुढे कृषी पदवीधरांच्या पिढ्यांनी तो अभ्यासला.

वापरताना घ्यावयाची काळजी

या संज्ञेच्या वापरात काही गफलती संभवतात. पहिली, ‘लंबकोनी’ म्हणजे ‘विरोधी’ नव्हे. एकमेकांत न मिसळणारे, असा त्याचा अर्थ आहे. दुसरी, सहगुणक हा शब्द दोन अर्थांनी येतो. वर दिलेल्या −३, −१, +१, +३ या अंकांनाही व्यवहारात सहगुणक म्हणतात; वस्तुतः त्या बहुपदीच्या किमती आहेत. २ आणि उणे २ हे खरे सहगुणक. वर्गात शिकविताना शिक्षकांनी हा भेद आधीच सांगितला तर विद्यार्थ्यांचा गोंधळ टळेल. तिसरी गफलत अधिक घातक आहे. वरील तीन ओळी समान अंतरावरील मात्रांसाठी आणि प्रत्येक मात्रेच्या वाफ्यांची संख्या सारखी असतानाच लागू पडतात. मात्रा ०, २५, ५० आणि १०० अशा असतील तर वेगळे अंक काढावे लागतात. जुनेच अंक वापरल्यास आकडेमोड बिनचूक होईल, पण निष्कर्ष चुकेल.

आज संगणक ही सर्व आकडेमोड क्षणार्धात करतो. अहवाल समजून घेण्याची जबाबदारी मात्र वाचणाऱ्यावरच राहते. खताच्या शिफारशीचा अहवाल समोर आला असता ग्रामपंचायत सदस्य, शिक्षक किंवा विस्तार अधिकारी यांनी तीन प्रश्न अवश्य विचारावेत : मात्रा समान अंतरावर होत्या काय ? केवळ रेषीय परिणाम पाहिला की वर्ग परिणामही तपासला ? आणि तो परिणाम वाफ्यावाफ्यांतील नैसर्गिक फरकाच्या तुलनेत लक्षात घेण्याइतका मोठा होता काय ? या तिन्ही प्रश्नांची उत्तरे अहवालात मिळाली, तर शेतकऱ्याला अमुक मात्रेपुढे खत देऊ नका असे आधाराने सांगता येईल.