चेहरे ओळखीचे – भाग ६ : नोकरी न सोडलेला नट

गेल्या आठवड्यात आपण चरित्रनटाचं मानधन दिवसांवर कसं ठरतं ते पाहिलं. दोन दिवस काम, मग कदाचित चार महिने बोलावणंच नाही. अशा हिशेबात माणूस टिकतो कसा, हे समजून घ्यायला मला अच्युत पोतदारांची कारकीर्द फार उपयोगी वाटते.

नावावरून चेहरा चटकन आठवणार नाही. पण ‘थ्री इडियट्स’मध्ये (२००९) यंत्राची व्याख्या विचारणारे आणि आमीर खानचं लांबण ऐकून ‘अरे, कहना क्या चाहते हो?’ म्हणत वैतागणारे प्राध्यापक म्हटलं की घराघरांत ओळख पटते. तेव्हा ते पंचाहत्तरीत होते. त्या प्रसंगात हशा मिळवण्याची धडपड कुठेच दिसत नाही. या मास्तरांना खरोखरच कळेनासं झालंय आणि तास तर पुढे न्यायचाय, एवढंच ते दाखवतात. पोतदारांनी तरुणपणी रीवाला प्राध्यापकी केली होती. वर्गातला हा वैताग त्यांच्या चांगलाच परिचयाचा असणार!

जन्म १९३४ चा, जबलपूरचा. वाढले इंदूरला. प्राध्यापकीनंतर ते सैन्यात गेले आणि १९६७ साली कॅप्टन म्हणून बाहेर पडले. मग इंडियन ऑइलमध्ये पंचवीस वर्षं अधिकारी. निवृत्ती १९९२ ची. आता चित्रपटांची सालं पाहा : ‘आक्रोश’ १९८०, ‘अर्धसत्य’ १९८३, ‘तेजाब’ १९८८, ‘परिंदा’ १९८९. ही सगळी कामं नोकरीत असतानाची. कॅमेऱ्यासमोर आले तेच पंचेचाळिशीच्या आसपास.

आमच्या सानपाड्यात कचेरी सांभाळून नाटक करणारी मंडळी पुष्कळ आहेत. वाशीचं विष्णुदास भावे नाट्यगृह हाकेच्या अंतरावर, ठाण्याला थेट लोकल. त्यांतले काही जण मनापासून विचारतात, ‘नोकरी सोडू का?’ मी त्यांना पोतदारांचं उदाहरण देतो. महिन्याचा पगार ठरलेला असला की दोन प्रसंगांची भूमिका लहान वाटत नाही, आणि न पटणारी नाकारताही येते. यात मुख्य भूमिकेची वाट बंद होण्याची शक्यता असते, हे मी त्यांच्यापासून लपवत नाही. सलग चाळीस दिवसांची रजा कोण देणार?

लहान भूमिकांचा दुसरा आधार म्हणजे पुन्हा बोलावणारे लोक. हल्ली कास्टिंग डायरेक्टर असतो, ऑडिशनची चित्रफीत मोबाइलवरून जाते. त्या काळी दिग्दर्शकाची आठवण आणि सहायकाची वही, यांवरच बरंचसं चालायचं. गोविंद निहलानींच्या ‘आक्रोश’नंतर त्यांच्याच ‘अर्धसत्य’मध्ये पोतदार आहेत. विधु विनोद चोप्रांनी दिग्दर्शित केलेल्या ‘परिंदा’त आहेत, पुढे चोप्रांची निर्मिती असलेल्या ‘परिणीता’, ‘लगे रहो मुन्नाभाई’ आणि ‘थ्री इडियट्स’मध्येही आहेत. वेळेवर येणारा, संवाद पाठ असलेला, सेटवर कटकट न करणारा नट पुन्हा आठवतो. सव्वाशेहून अधिक चित्रपट असेच जमतात.

दूरदर्शनच्या ‘भारत एक खोज’ आणि ‘वागळे की दुनिया’पासून ते छोट्या पडद्यावरही होते. मराठी घरांत मात्र ते खऱ्या अर्थाने पोहोचले ‘माझा होशील ना’मधले आप्पा म्हणून. ही मालिका २०२० च्या मार्चमध्ये सुरू झाली आणि लगेच टाळेबंदी आली. चित्रीकरण पुन्हा सुरू करताना राज्य सरकारने ६५ वर्षांवरच्या कलाकारांना सेटवर बंदी घातली. हेतू काळजीचा होता, पण रोजावर जगणाऱ्या वृद्ध नटांची चूल त्याने विझत होती. एका ज्येष्ठ कलाकाराने याचिका केली आणि ऑगस्ट २०२० मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ती अट रद्द केली.

पोतदार १८ ऑगस्ट २०२५ रोजी ठाण्यात वारले. नव्वदीच्या उंबरठ्यापर्यंत काम करत राहिलेल्या या नटाला निदान पक्क्या नोकरीचा आधार लाभला होता. ज्यांना तोही नाही, अशा वृद्ध कलाकारांसाठी सरकारी मानधन योजना कशी चालते, ते पुढच्या भागात.