ब्रिटिश अमलातील फाशी आणि अहमदनगर जिल्हा

ब्रिटिश अमलात दिवाणी (बिगर-लष्करी) न्यायालयांनी दिलेल्या देहदंडाची अंमलबजावणी फाशी या एकाच मार्गाने होत असे. अहमदनगर (सध्याचे अहिल्यानगर) जिल्ह्याच्या इतिहासात या शिक्षेशी सर्वाधिक निगडित असलेले नाव म्हणजे अकोले तालुक्यातील देवगावचे राघोजी भांगरे. २ मे १८४८ रोजी त्यांना ठाण्याच्या तुरुंगात फाशी देण्यात आली. त्यांच्या प्रकरणात मरण अटळ होते. प्रश्न उरला होता तो मरण कोणत्या रीतीने यावे याचा. फाशी हे चोर-दरोडेखोरांचे मरण, की योद्ध्याचेही, हा वाद त्यांच्या आधीही होता आणि नंतरही राहिला.

पार्श्वभूमी

फाशी इंग्रजांनी या प्रदेशात नव्याने आणली, असे म्हणता येत नाही. मराठी राज्यात फाशीबरोबरच शिरच्छेद, कडेलोट, हत्तीच्या पायी देणे, तोफेच्या तोंडी देणे असे देहदंडाचे अनेक प्रकार रूढ होते. गुन्हा कोणता आणि गुन्हेगार कोण, यावर प्रकार ठरे. १८१८ मध्ये पेशवाई संपल्यावर अहमदनगर जिल्हा कंपनी सरकारकडे आला आणि कॅप्टन हेन्री पॉटिंजर त्याचे पहिले कलेक्टर झाले. १८२७ च्या एल्फिन्स्टन संहितेने मुंबई इलाख्याला लेखी फौजदारी कायदा दिला. दिवाणी न्यायालयांपुरते जुने प्रकार मागे पडत जाऊन फाशी तेवढी उरली. लष्करी न्यायालयांचा मार्ग मात्र वेगळा होता. १८५७ मध्ये मुंबईत दोन शिपायांना तोफेच्या तोंडी देण्यात आले.

खुद्द इंग्लंडमध्येही मरणाची रीत माणसाच्या दर्जावर अवलंबून असे. राजद्रोही उमरावाचा शिरच्छेद होई आणि सामान्य माणूस फासावर जाई. तेथील शेवटचा शिरच्छेद १७४७ मध्ये लॉर्ड लोव्हॅट यांचा झाला. पुढे १७६० मध्ये लॉर्ड फेरर्स या उमरावाला स्वतःच्या कारभाऱ्याच्या खुनाबद्दल लंडनमध्ये सामान्य गुन्हेगाराप्रमाणे फाशी देण्यात आली, तेव्हा त्याचा मोठा गवगवा झाला. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी इंग्लंडमध्ये दोनशेहून अधिक गुन्ह्यांना देहदंड सांगितलेला होता आणि त्यांत मेंढी चोरण्यासारखे गुन्हेही होते. ही यादी १८२० नंतर झपाट्याने आखडत गेली. म्हणजे सह्याद्रीच्या डोंगराळ भागात कंपनीचा कायदा स्थिरावत होता, त्याच वर्षांत इंग्लंडमध्ये फाशीचा वापर कमी होत होता.

राघोजी भांगरे

राघोजींचा जन्म १८०५ मध्ये महादेव कोळी समाजात झाला. या समाजातील अनेक घराण्यांकडे डोंगरी किल्ल्यांच्या राखणीची वंशपरंपरागत कामे होती. कंपनी सरकारने किल्ल्यांवरील शिबंदी मोडली आणि वतनदारांच्या वेतनांत कपात केली. त्यातून १८२९-३० च्या सुमारास रामा किरवा व राघोजींचे वडील रामजी भांगरे यांच्या काळातील उठाव झाला. रामा किरवा यांना पकडून फाशी देण्यात आली. या फाशीने डोंगरात दहशत बसेल, ही सरकारची अपेक्षा फार काळ टिकली नाही.

१८४४ पासून राघोजी व त्यांचे बंधू बापू भांगरे यांनी अकोले, जुन्नर आणि नाशिक-ठाण्याच्या डोंगरपट्ट्यात उठाव केला. त्यांचा रोख मुख्यतः सावकारांवर होता. कर्जाचे दस्तऐवज जाळणे आणि सावकारांची नाके कापणे हे या बंडाचे ठळक प्रकार सरकारी कागदपत्रांत नोंदले गेले आहेत. या नोंदी लिहिणाऱ्यांच्या दृष्टीने राघोजी हे दरोडेखोर होते. सावकारीच्या जाचाचा उल्लेख त्याच कागदपत्रांत येतो, हे मात्र ध्यानात घेण्याजोगे आहे. बापू १८४५ मध्ये पकडले गेले. राघोजी आणखी सुमारे अडीच वर्षे हाती लागले नाहीत. अखेर २ जानेवारी १८४८ रोजी पंढरपुरात लेफ्टनंट गेल यांच्या तुकडीने त्यांना अटक केली.

खटल्यानंतर राघोजींनी आपल्याला फाशी न देता तलवारीने किंवा बंदुकीने वीराचे मरण द्यावे, अशी मागणी केली व ती नाकारण्यात आली, असे लोकपरंपरा सांगते. मागणीमागील अर्थ उघड आहे. गोळी किंवा तलवार दिली, तर सरकारने शत्रू म्हणून मान्यता दिल्यासारखे झाले असते. फास दिला की माणूस गुन्हेगार ठरतो. याच परिसरातील भिल्ल बंडाचे नेते भागोजी नाईक १८५९ मध्ये फ्रँक सूटर यांच्या पथकाशी लढताना मारले गेले, त्यामुळे त्यांच्या बाबतीत हा प्रश्नच उद्भवला नाही.

अशीच मागणी पुढे मार्च १९३१ मध्ये भगतसिंग, सुखदेव व राजगुरू यांनी पंजाब सरकारकडे लेखी केली. आपण युद्धकैदी आहोत, तेव्हा आपल्याला गोळ्या घालाव्यात, असे त्यांचे म्हणणे होते. तीही मान्य झाली नाही. १९४६ मध्ये न्यूरेंबर्ग येथे जर्मन सेनानी कायटेल व योडल यांनाही गोळीऐवजी फासच मिळाला.

पद्धतीतील बदल

राघोजींच्या काळी दोर आखूड ठेवला जाई आणि मृत्यू बहुधा गुदमरून, सावकाश येई. १८७२ मध्ये विल्यम मारवुड या इंग्रज जल्लादाने कैद्याच्या वजनानुसार दोराची लांबी ठरवण्याची रीत सुरू केली. पायाखालची फळी सरकताच मान मोडून तत्काळ मृत्यू यावा, हा तिचा हेतू होता. पुढे त्यासाठी सरकारी कोष्टकेही तयार झाली. तत्पूर्वी १८६८ मध्ये ब्रिटनने जाहीर फाशी बंद केली होती. १८९८-९९ मध्ये येरवड्यात चापेकर बंधू व महादेव रानडे यांना आणि १९ एप्रिल १९१० रोजी ठाण्यात अनंत कान्हेरे, कृष्णाजी कर्वे व विनायक देशपांडे यांना झालेल्या फाशी तुरुंगाच्या भिंतींआड झाल्या. १२ जानेवारी १९३१ रोजी सोलापूरच्या चौघांना येरवड्यात फाशी देण्यात आली. फासाने बदनामी व्हावी हा हेतू येथे उलटला. मराठीत ‘फासावर चढलेले’ हे विशेषण हुतात्म्यांसाठी आदराने वापरले जाऊ लागले.

स्वातंत्र्योत्तर काळ

ब्रिटनमध्ये शेवटच्या दोन फाशी १३ ऑगस्ट १९६४ रोजी झाल्या आणि पुढील वर्षी खुनासाठीचा देहदंड स्थगित झाला; १९६९ मध्ये ही स्थगिती कायम करण्यात आली. १९५० मध्ये फाशी दिलेले टिमोथी एव्हान्स निर्दोष असल्याची खात्री लोकांना उशिरा पटली, हे त्यामागील एक मोठे कारण होते.

भारतात १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेतील ‘मरेपर्यंत गळ्यास फास लावून टांगावे’ अशा अर्थाची तरतूद १९७३ च्या संहितेत व आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३९३ मध्ये कायम आहे. लष्करी कायद्यात मात्र फाशी किंवा गोळी असे दोन पर्याय आहेत. १९८३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दीना खटल्यात फाशीची पद्धत घटनाबाह्य नसल्याचा निर्णय दिला. विधी आयोगाने २००३ मध्ये प्राणघातक इंजेक्शनचा पर्याय सुचवला. तो कायद्यात आलेला नाही.

जिल्ह्यात फाशीचा प्रश्न पुन्हा ऐरणीवर आला तो कर्जत तालुक्यातील कोपर्डी येथील घटनेमुळे. १३ जुलै २०१६ रोजी एका अल्पवयीन मुलीवर अत्याचार करून तिची हत्या करण्यात आली. त्यानंतर राज्यभर निघालेल्या मराठा क्रांती मोर्चांत दोषींना फाशीची मागणी अग्रभागी होती. २९ नोव्हेंबर २०१७ रोजी अहमदनगरच्या सत्र न्यायालयाने तिघांना फाशी सुनावली. अशा शिक्षेची अंमलबजावणी उच्च न्यायालयाच्या पुष्टीशिवाय होऊ शकत नाही.

राघोजींच्या फाशीचा दिवस, २ मे, दरवर्षी अभिवादनाने पाळला जातो. अकोले तालुक्यातील भंडारदरा धरणाच्या जलाशयाला त्यांचे नाव देण्यात आले आहे.