दोन डझन चेंडू, पाच टक्के वाटा आणि सीमाभागातील फुटबॉलपटू

अर्जेंटिनातील रोझारिओ शहरात एल तोरितो नावाचा वस्तीतला एक छोटा क्लब आहे. १९९०च्या दशकात याच शहरातील नामांकित रोझारिओ सेंट्रल क्लबने तेथील एक किडकिडीत मुलगा आपल्याकडे घेतला आणि मोबदला म्हणून तोरितोला सुमारे दोन डझन फुटबॉल दिले. त्या मुलाचे नाव अँजेल डी मारिया. वडील कोळशाच्या वखारीत राबत, मुले पोत्यांत कोळसा भरायला हात लावत आणि आई मुलाला सायकलवर बसवून सरावाला नेत असे. याच खेळाडूसाठी २०१४ मध्ये मँचेस्टर युनायटेडने रेआल माद्रिदला ५ कोटी ९७ लाख पौंड मोजले. तोवर कोणत्याही ब्रिटिश क्लबने एका खेळाडूसाठी एवढी रक्कम दिली नव्हती.

दोन डझन चेंडू आणि सहा कोटी पौंड या दोन टोकांच्या मध्ये मुलाला घडवणाऱ्या क्लबांच्या पदरात काय पडते, हा प्रश्न केवळ रोझारिओचा नाही. बेळगावच्या लेले मैदानावर किंवा निपाणीच्या एखाद्या पटांगणात संध्याकाळी मुलांना विनामोबदला शिकवणाऱ्या प्रशिक्षकालाही तो लागू पडतो. येथील गुणी मुले पुढे गोव्याकडे, कोल्हापूरकडे किंवा बेंगळुरूकडे वळतात. त्यांतील एखादा उद्या परदेशी गेला, तर पहिल्या मैदानाची आठवण कागदावर राहील काय, हे आजच ठरत असते.

रोझारिओहून लिस्बनमार्गे

डी मारियाचा जन्म १४ फेब्रुवारी १९८८चा. डिसेंबर २००५ मध्ये तो रोझारिओ सेंट्रलच्या मुख्य संघातून प्रथम खेळला. २००७ मध्ये अर्जेंटिनाने २० वर्षांखालील विश्वचषक जिंकला आणि त्याच उन्हाळ्यात तो लिस्बनच्या बेन्फिका क्लबमध्ये दाखल झाला. दक्षिण अमेरिकी खेळाडूंसाठी पोर्तुगाल हे युरोपचे जणू प्रवेशद्वार आहे. ब्राझीलच्या मुलांना भाषा ओळखीची, अर्जेंटिनाच्या मुलांना जवळची. तेथील क्लब तरुण खेळाडू तुलनेने स्वस्तात घेतात, दोन-तीन हंगाम खेळवतात आणि मोठ्या क्लबांना चढ्या किमतीला विकतात. या व्यवहारावरच त्यांचा बराचसा संसार चालतो.

डी मारियाचेही तसेच झाले. २०१० मध्ये तो माद्रिदला गेला. २०१४च्या चॅम्पियन्स लीगची अंतिम लढत लिस्बनमध्ये, बेन्फिकाच्याच मैदानावर झाली आणि तीत तो सामनावीर ठरला. त्यानंतर मँचेस्टर, पॅरिस, तुरिन, पुन्हा लिस्बन आणि २०२५ मध्ये परत रोझारिओ सेंट्रल, असे वर्तुळ पूर्ण झाले. मधल्या काळात २००८च्या ऑलिंपिकचा, २०२१च्या कोपा अमेरिकेचा आणि २०२२च्या विश्वचषकाचा, अशा तिन्ही अंतिम सामन्यांत त्याने गोल केले.

आणखी एक सोय दक्षिण अमेरिकी खेळाडूंना लाभते. अनेकांचे आजोबा-पणजोबा इटली किंवा स्पेनमधून आलेले असल्याने त्यांना युरोपीय नागरिकत्व मिळू शकते. पोर्तुगीज पासपोर्टचे मोल गोमंतकीय कुटुंबांना वेगळे सांगायला नको. बेळगाव-निपाणीच्या मुलापाशी सहसा असा वारसा नसतो. त्याला केवळ खेळाच्या आणि कागदपत्रांच्या बळावर जावे लागते.

पाच टक्क्यांचा हिशेब

चेंडू देऊन मुलगा घेण्याचा काळ आता मागे पडला आहे. जागतिक फुटबॉल महासंघाने, म्हणजे फिफाने, २००१ मध्ये खेळाडू घडवणाऱ्या क्लबांसाठी दोन प्रकारच्या मोबदल्याची व्यवस्था केली.

पहिला मोबदला म्हणजे प्रशिक्षण भरपाई. खेळाडू परदेशी क्लबशी पहिला व्यावसायिक करार करतो तेव्हा, आणि त्यानंतर ज्या वर्षी तो तेवीस वर्षांचा होतो त्या कॅलेंडर वर्षाच्या अखेरपर्यंत तो दुसऱ्या देशातील क्लबमध्ये जातो तेव्हा, ही भरपाई देय ठरते.

दुसरा मोबदला ‘सॉलिडॅरिटी’ या नावाने ओळखला जातो. करारबद्ध खेळाडू एका देशातून दुसऱ्या देशातील क्लबमध्ये रक्कम मोजून गेला, की त्या रकमेतील पाच टक्के बाजूला काढले जातात आणि त्याला १२ ते २३ या वयात घडवणाऱ्या क्लबांत वाटले जातात. १२ ते १५ या चार वर्षांसाठी दरवर्षी पाव टक्का आणि १६ ते २३ या आठ वर्षांसाठी दरवर्षी अर्धा टक्का, असा तो हिशेब आहे. खेळाडू जितक्या वेळा असा विकला जाईल, तितक्या वेळा वाटप होते.

डी मारिया बाराव्या वर्षापासून एकोणिसाव्या वर्षापर्यंत रोझारिओ सेंट्रलमध्ये होता. त्या काळाचे अडीच टक्के धरले, तरी एकट्या मँचेस्टरच्या व्यवहारात नियमाच्या हिशेबाने सेंट्रलचा वाटा सुमारे १५ लाख पौंडांचा होतो. एल तोरितोच्या वाट्याला मात्र काहीच येत नाही, कारण बाराव्या वर्षाआधीचे शिक्षण या नियमात मोजलेच जात नाही. मुलाला प्रथम चेंडू देणारा क्लब आजच्या नियमांतही बाहेरच राहतो.

हाच हिशेब आपल्याकडे मांडून पाहता येईल. समजा, निपाणीचा एक मुलगा १२ ते १५ या वयात गावातील क्लबकडे, १६ आणि १७व्या वर्षी बेळगावातील क्लबकडे आणि १८ ते २० या वयात गोव्यातील क्लबकडे नोंदलेला आहे. पुढे गोव्याच्या क्लबने त्याला एक कोटी रुपयांना पोर्तुगालमधील क्लबला दिले. तर निपाणीच्या क्लबला एक लाख, बेळगावच्या क्लबला एक लाख आणि गोव्याच्या क्लबला प्रशिक्षणापोटी दीड लाख रुपये मिळायला हवेत. हजार रुपयांचा एक चेंडू धरला, तर निपाणीच्या वाट्याला शंभर चेंडू येतात आणि मुलगा पुढे पुन्हा विकला गेला, तर पुन्हा वाटा येतो.

नोंद नाही, तर वाटा नाही

या हिशेबातील कळीचा शब्द ‘नोंदलेला’ हा आहे. मुलगा कोठे खेळला, हे गावाला ठाऊक असून भागत नाही. तो कोणत्या क्लबकडे, कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत नोंदलेला होता, हे संघटनेच्या दप्तरी असावे लागते. नोव्हेंबर २०२२ पासून पॅरिसमधील फिफा क्लिअरिंग हाउस हे वाटप करते. खेळाडूच्या नोंदी जुळवून त्याचा इलेक्ट्रॉनिक ‘पासपोर्ट’ तयार होतो आणि त्यावरून वाटे ठरतात. पूर्वी छोट्या क्लबला स्वतःहून मागणी करावी लागे आणि अनेकांना आपला खेळाडू विकला गेल्याचेही कळत नसे. आता ही यंत्रणा क्लबचा शोध घेते, पण शोध नोंदींतूनच होतो. क्लबशी दुवा जुळलाच नाही, तर ती रक्कम युवा फुटबॉलसाठी त्या देशाच्या महासंघाकडे वळवण्याची तरतूद आहे.

येथेच बेळगाव-निपाणीची अडचण सुरू होते. बेळगावात शालेय फुटबॉलची परंपरा भक्कम आहे. सेंट पॉल्स शाळेच्या मैदानावरील फादर एडी स्मृती स्पर्धेला होणारी गर्दी त्याची साक्ष देते. परंतु शाळेच्या संघातून खेळणे म्हणजे क्लबकडे नोंद असणे नव्हे. मुलाची सर्वांत महत्त्वाची चार वर्षे केवळ शाळेच्या गणवेशात गेली, तर पासपोर्टवर ती कोरी राहण्याची शक्यता मोठी.

निपाणीचा पेच निराळा आहे. तेथून कोल्हापूर अवघ्या चाळीसेक किलोमीटरवर. पाटाकडील, खंडोबा, बालगोपाल, दिलबहार या तालमींच्या सामन्यांचे वेड निपाणीलाही आहे. पण कोल्हापूर महाराष्ट्राच्या संघटनेकडे आणि निपाणी कर्नाटकच्या संघटनेकडे, जिचे कार्यालय पाचशे किलोमीटरच्या पलीकडे बेंगळुरूत. खेळाडूची नोंद एका वेळी एकाच क्लबकडे असू शकते. त्यामुळे राज्य ओलांडताना मुलाबरोबर त्याची नोंदही रीतसर हलवावी लागते. तोंडी परवानगीवर इकडेतिकडे खेळणाऱ्या मुलाची वर्षे कोणत्याच क्लबच्या खात्यावर जमा होत नाहीत.

फिफाने देशांच्या सीमेवरील मुलांचा विचार केलेला आहे. अठरा वर्षांखालील खेळाडूंच्या परदेशी हस्तांतराला बंदी असली, तरी मुलाचे घर आणि शेजारील देशातील क्लब दोन्ही सीमेपासून ५० किलोमीटरच्या आत असतील आणि एकूण अंतर १०० किलोमीटरपेक्षा जास्त नसेल, तर सवलत मिळते. राज्यांच्या सीमेवर अशा बंदीचा प्रश्न नाही. तेथे प्रश्न कागदांचा आहे आणि तो पालक व क्लब यांनाच सोडवावा लागतो.

वाट आहे

सीमाभागाच्या दोन्ही बाजूंना उदाहरणे आहेत. कोल्हापूरचा अनिकेत जाधव पुण्याच्या क्रीडा प्रबोधिनीतून पुढे आला आणि २०१७च्या १७ वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळला. असोळण्याचा रोमिओ फर्नांडिस २०१५ मध्ये धेंपो क्लबकडून ब्राझीलच्या अ‍ॅटलेटिको परानाएन्सेमध्ये गेला. दक्षिण अमेरिकेतून युरोपला जाणाऱ्यांच्या गर्दीत हा उलट दिशेचा प्रवास होता.

म्हणून बेळगाव-निपाणीतील क्लबांनी काही गोष्टी आजच कराव्यात. क्लब जिल्हा व राज्य संघटनेशी संलग्न आहे ना, हे तपासावे. मूल बारा वर्षांचे होताच त्याची नोंदणी महासंघाच्या ऑनलाइन प्रणालीत करावी आणि ती दर हंगामात चालू ठेवावी. जन्मदाखल्यावरील नाव व तारीख आणि नोंदणीतील नाव व तारीख एकच असावी; मराठी, कन्नड आणि इंग्रजी कागदांवर नावाची तीन रूपे असलेल्या भागात ही काळजी विशेष हवी. मुलगा गोव्याला किंवा कोल्हापूरला गेला, तर हस्तांतराची प्रत क्लबने आणि पालकांनी, दोघांनीही जपून ठेवावी. या कामाला पैसे फारसे लागत नाहीत. लागते ते दर हंगामाच्या सुरुवातीला एक संध्याकाळ मैदानाऐवजी कागदांना देणे.