‘लीन’चा दिवा आणि पद्मालयाचा चढ: गृहीतक तपासायचं कसं?



पीएचडीच्या प्रवेश परीक्षेची तयारी करणारे बरेच जण विचारतात, “ताई, हायपोथिसिस म्हणजे नेमकं काय लिहायचं?” पुस्तकातली व्याख्या तुम्हाला पाठ असते: गृहीतक म्हणजे तपासता येईल असं विधान. अडतं ते ‘तपासता येईल’ या दोन शब्दांवर. म्हणून आज व्याख्या बाजूला ठेवू आणि एरंडोलला आमच्या घरासमोर उभ्या असलेल्या गाडीकडे वळू.

गाडी पेट्रोलची आहे, आठ वर्षं जुनी. आईला महिन्यातून दोनदा जळगावला दवाखान्यात न्यावं लागतं, त्यामुळे ती चालू असणं ही आमच्याकडे चैन नाही. मे महिन्यात चेक इंजिनचा दिवा लागला. सपाट रस्त्यावर गाडी ठीक चालायची, पण चढाला किंवा ट्रकला ओव्हरटेक करताना झटके मारायची. हायवेवर ओव्हरटेक करताना अर्ध्यात पिकअप गेला तर काय होतं, हे मी सांगायला नको.

एका गॅरेजमध्ये स्कॅनर लावला. कोड आला पी०१७१, म्हणजे ‘सिस्टिम टू लीन, बँक १’. ऑक्सिजन सेन्सर बदलला, कोड पुसला, पैसे घेतले. आठ दिवसांनी दिवा पुन्हा लागला. आता मी सुट्टीला घरी आले होते, आणि माझा स्वतःचा विषय इंजिनातल्या ज्वलनाचा. वडिलांनी फक्त माझ्याकडे पाहिलं.

कोड नेमकं काय म्हणतो?

लीन मिश्रण म्हणजे हवा जास्त आणि पेट्रोल कमी. शुद्ध पेट्रोलच्या एका किलोला पूर्ण जळायला साधारण १४.७ किलो हवा लागते. त्यापेक्षा हवा जास्त झाली की मिश्रण लीन. थोडं लीन चालून जातं, फार लीन झालं की ठिणगी पडूनही मिश्रण नीट पेटत नाही, गाडी मिसिंग करते. न जळलेलं पेट्रोल पुढे कॅटॅलिटिक कन्व्हर्टरमध्ये जाऊन जळलं तर तोही तापून खराब होतो.

पण हे संगणकाला कसं कळतं? सायलेन्सरच्या वाटेवर बसवलेल्या ऑक्सिजन सेन्सरवरून. १९७६ साली बॉशचा हा सेन्सर पहिल्यांदा व्होल्वोच्या गाड्यांमध्ये आला. आत झिर्कोनियाचा तुकडा असतो. धुरात ऑक्सिजन उरला असेल तर तो साधारण ०.१ व्होल्ट देतो, उरला नसेल तर ०.९ व्होल्टच्या आसपास.

इथे थांबा आणि हे वहीत लिहून घ्या: हा सेन्सर पेट्रोल मोजत नाही. तो धुरातला उरलेला ऑक्सिजन मोजतो. ‘पेट्रोल कमी पडतंय’ हा त्यावरून काढलेला निष्कर्ष आहे. सायलेन्सरच्या पाइपला सेन्सरच्या आधी चीर असेल आणि तिथून बाहेरची हवा आत ओढली जात असेल, तरी सेन्सर ‘लीन’ म्हणणार. प्लग खराब असून मिश्रण जळलंच नाही, तरी ऑक्सिजन उरणार आणि सेन्सर ‘लीन’ म्हणणार. मोजलेली गोष्ट आणि मानलेली गोष्ट यांतली फट ओळखता आली की संशोधनाची निम्मी तयारी झाली समजा.

दुसरी गोष्ट. सेन्सरने ‘लीन’ म्हटलं की संगणक लगेच दिवा लावत नाही. तो गुपचूप पेट्रोल वाढवतो. या वाढीला फ्युएल ट्रिम म्हणतात आणि ती टक्क्यांत दिसते. +१० म्हणजे ‘मी हिशोबापेक्षा १० टक्के जास्त पेट्रोल देतोय’. कंपनीने ठरवलेली मर्यादा ओलांडली, बहुतेक गाड्यांत ती २० टक्क्यांच्या पुढे असते, की दिवा लागतो. म्हणजे दिवा लागतो त्याच्या कितीतरी आधी दोष सुरू झालेला असतो, संगणक तो झाकत असतो.

आणि पी०१७१ हे दोषाचं नाव नाही. ‘मी खूप दुरुस्ती केली, आता माझ्या हाताबाहेर आहे’, एवढंच तो कोड सांगतो. ताप आहे हे कळलं म्हणजे मलेरिया की टायफॉइड हे कळत नाही, तसंच.

सगळ्यांकडे उत्तर तयार होतं

गल्लीत ज्याला विचारावं त्याचं एक उत्तर ठरलेलं. एक म्हणाला व्हॅक्यूमची नळी फुटली असेल. दुसरा म्हणाला नवा सेन्सरच डुप्लिकेट. आणि बाकीच्या सगळ्यांचं एकच: इथेनॉल. आमचे नेहमीचे मिस्तरी हसून म्हणाले, “ताई, आजकाल बठ्ठा लोके इथेनॉललेच नाव ठेवतस.” खरंच, सगळे त्यालाच नाव ठेवतात.

गंमत अशी की यातलं प्रत्येक कारण ‘लीन’ याच दिशेला जातं. म्हणूनच नुसती दिशा जुळली म्हणून कारण सापडलं असं होत नाही. प्रत्येक गृहीतकाला अजून दोन प्रश्न विचारायचे: किती? आणि कुठे?

किती: इथेनॉलचा हिशोब

इथेनॉलमध्ये ऑक्सिजन आधीच असतो, त्यामुळे एक किलो इथेनॉलला फक्त ९ किलो हवा पुरते. देशात २०२२ मध्ये पेट्रोलमधलं इथेनॉल सरासरी १० टक्क्यांवर पोहोचलं, २०२५ मध्ये २० टक्क्यांवर. घनता धरून हिशोब केला तर १० टक्के इथेनॉलच्या पेट्रोलला साधारण १४.१ पट हवा लागते आणि २० टक्क्यांच्या पेट्रोलला १३.५ पट. १४.१ ला १३.५ ने भागा. उत्तर १.०४.

म्हणजे १० वरून २० वर गेल्याने ट्रिम सुमारे ४ टक्क्यांनी वाढणार. शुद्ध पेट्रोलशी तुलना केली तरी ८ टक्क्यांच्या आसपास. इथेनॉल निर्दोष नाही, ४ टक्के त्याच्या खात्यावर आहेतच. पण वीस-पंचवीस टक्क्यांचा खड्डा ते एकटं पाडू शकत नाही. शिवाय ही वाढ गाडी उभी असताना आणि चढावर जवळपास सारखीच दिसायला हवी. आमची गाडी तर फक्त चढाला रडत होती.

कुठे: प्रत्येक कारणाची वेगळी खूण

मोजायच्या आधी मी कागदावर लिहिलं:

१. हवेची गळती. इंटरनेटवर पहिलं हेच सापडतं: गाडी उभी असताना ट्रिम जास्त, रेस वाढवली की कमी. बरोबर आहे, पण ते आत येणारी हवा थेट मोजणारा सेन्सर असलेल्या गाड्यांसाठी. आमच्या गाडीत तो नाही. तिथे मॅनिफोल्डचा दाब मोजून हवेचा अंदाज करतात. गळतीतून आत आलेली हवाही त्या दाबात धरली जाते आणि संगणक तिच्या वाट्याचं पेट्रोल देतो. अशा गाडीत गळती झाली तर ट्रिमपेक्षा आयडलिंगचा वेग वाढलेला दिसतो. आमचं आयडलिंग स्थिर होतं.

२. सायलेन्सरची चीर. फसवा लीन. आयडलला आणि कमी वेगाला जास्त दिसतो. मिश्रण प्रत्यक्षात रिच झाल्यामुळे प्लग काळे पडतात. आमचे प्लग साफ होते.

३. इथेनॉल. सगळीकडे साधारण ४ टक्के.

४. पेट्रोलचा पुरवठा कमी. पंप, जाळी, फिल्टर. उभ्या गाडीला पेट्रोल कमीच लागतं, तेवढं भागतं. भार वाढला की तोकडं पडतं. म्हणजे ट्रिम भाराबरोबर वाढणार.

आता हे खऱ्या अर्थाने गृहीतक झालं. प्रत्येक विधान वेगळं चित्र सांगतंय आणि एक मोजमाप त्यांना एकमेकांपासून तोडू शकतं.

पद्मालयाचा चढ

पुण्याच्या एआरएआयसारख्या संस्थेत डायनॅमोमीटरवर इंजिनाला हवा तेवढा भार देता येतो. आमच्याकडे पद्मालयाच्या गणपतीकडे जाणारा चढ आहे. अटी पाळल्या की तोही चालतो: सकाळी ऊन तापायच्या आधी, एसी बंद, गाडीत तेच दोघं, तिसरा गिअर, तोच वेग, तीन फेऱ्या. गाडी वडील चालवत होते, आकडे मी लिहीत होते. एकट्याने गाडी चालवत स्कॅनर बघू नका. आणि पेडल पूर्ण दाबू नका, कारण तसं केलं की बहुतेक संगणक ऑक्सिजन सेन्सरचं ऐकणं थांबवतात आणि ट्रिम बघण्यात अर्थ उरत नाही.

शॉर्ट आणि लाँग टर्म ट्रिमची बेरीज, तीन फेऱ्यांची सरासरी:

उभी गाडी, आयडल: +७
उभी गाडी, २५०० आरपीएम: +८
चढ, तिसरा गिअर: +२४

चौथ्या गृहीतकाचं चित्र. पण इथे ‘सापडलं!’ म्हणून उडी मारायची नाही. चित्र जुळणं हा पुरावा आहे, पण जुळेल असं आधीच आकड्यात सांगणं हा जास्त भक्कम पुरावा आहे.

इंजेक्टरमधून जाणारं पेट्रोल दाबाच्या वर्गमुळाच्या प्रमाणात असतं. चढावर १.२४ पट दुरुस्ती, त्यातून इथेनॉलची १.०४ काढली की उरते साधारण १.१९. म्हणजे दाब मूळच्या १.१९ च्या वर्गाने, १.४२ ने, कमी झालेला असणार. या गाडीचा ठरलेला दाब ३ बार. ३ भागिले १.४२ बरोबर २.१.

मी वहीत तारीख घालून लिहिलं: ‘चढावर दाब २.१ बारच्या आसपास दिसेल. ३ दिसला तर माझं म्हणणं चूक.’

मिस्तरींनी दाबाचा गेज लावला, नळी बॉनेटमधून काढून काचेवर बाहेरून चिकटवली. (हे काम जाणकारालाच करू द्या. नळीत दाबाखालचं पेट्रोल असतं.) आयडलला २.९. चढावर काटा २ आणि २.२ च्या मध्ये हलत राहिला.

दुरुस्ती: एका वेळी एकच बदल

दाब कमी, हे ठरलं. कशामुळे? आधी सगळ्यात स्वस्त तपासणी: पंपाला वीज पूर्ण मिळते का? मिळत होती. मग मागची सीट उचलून पंप बाहेर काढला. तळाची जाळी काळ्या गाळाने भरलेली.

मिस्तरी म्हणाले पंप आणि जाळी दोन्ही बदलून टाकू, पुन्हा खोलायला नको. व्यवहार म्हणून त्यांचं चूक नव्हतं. टाकी उतरवावी लागली असती तर मीही तेच केलं असतं. पण इथे सीट उचलण्याचंच काम होतं, आणि चांगला पंप फेकायचा खर्च मोठा. मी म्हटलं, आधी फक्त जाळी बदलू, टाकीतला गाळ काढू आणि मोजू.

नवी जाळी लावून दोन-तीन दिवस गाडी चालवली, कारण लाँग टर्म ट्रिम हळूहळू शिकते. मग तोच चढ, तोच गिअर, तीच माणसं. चढावर दाब २.९. ट्रिम: आयडलला +६, २५०० ला +६, चढावर +७.

शून्य नाही आलं, आणि यायला नकोच होतं. इथेनॉलचे ४ टक्के कुठे जाणार? शून्य आलं असतं तर माझ्या हिशोबावर मलाच शंका आली असती.

पहिल्या गॅरेजचं चुकलं कुठे?

सेन्सर बदलला म्हणून मी त्यांना हसत नाही. त्यांनी दोन गोष्टी केल्या, ज्या आपण प्रयोगशाळेतही सर्रास करतो. एक, जुना सेन्सर न तपासता बदलला. मुद्दाम मिश्रण क्षणभर रिच करून सेन्सरचा व्होल्टेज वर जातो का, हे बघता आलं असतं. आपल्या भाषेत हा पॉझिटिव्ह कंट्रोल. दोन, कोड पुसताना त्यासोबतची नोंद पुसली: दोष पकडला तेव्हा वेग किती, भार किती, इंजिन किती तापलेलं. त्या एका नोंदीत ‘चढावर’ हे उत्तर कदाचित पहिल्याच दिवशी दिसलं असतं. कच्ची नोंद आधी जपा, मग हात लावा.

आणि हे शहाणपण मला गाडीने शिकवलेलं नाही. दुसऱ्या वर्षी माझ्या टेस्ट बेंचवर तापमानाचे आकडे भरकटत होते. मी एका दुपारी वायर बदलली, सेन्सर बदलला आणि प्रोग्रामही बदलला. आकडे सरळ झाले. मी आनंदाने गाइडना सांगितलं. त्यांनी एवढंच विचारलं, “कशामुळे?” माझ्याकडे उत्तर नव्हतं, आणि त्या आधीचे तीन महिन्यांचे आकडे वापरायचे की टाकायचे हेही सांगता येईना. शेवटी ते सगळे प्रयोग पुन्हा करावे लागले.

तेव्हा आता तुमचं काम. तुम्ही सिनॉप्सिसमध्ये जे गृहीतक लिहिलं असेल ते घ्या आणि त्याखाली तीन ओळी लिहा. परिणाम कोणत्या दिशेला? साधारण किती? आणि कोणत्या परिस्थितीत दिसेल, कोणत्या परिस्थितीत दिसणार नाही? तिसऱ्या ओळीसमोर ‘हे दिसलं तर माझं म्हणणं चूक’ असं वाक्य लिहिता आलं, तर मुलाखतीला निर्धास्त जा. लिहिता आलं नाही, तर तुमच्याकडे अजून गृहीतक नाही. गल्लीतल्यासारखं एक ठाम मत आहे.

आई मागच्या आठवड्यात जळगावला जाऊन आली. ओव्हरटेकला गाडी अडली नाही, असं वडिलांनी फोनवर सांगितलं. मी विचारलं, ट्रिम किती दाखवते? ते म्हणाले, तू सुट्टीला ये आणि तूच बघ.