एका कल्पित जगाचें उत्पत्तिपुराण

पुराण कोणी एका बैठकींत लिहीत नाहीं. तें शेंकडों मुखांतून फिरतें, त्याला पाठभेद फुटतात, कोठें भर पडते, कोठें गळती होते, आणि मग कोणा संग्राहकाच्या हातून तें पोथींत येऊन बसतें. जें जग मुळांत नाहींच, त्याचें पुराण रचावयास एखादा लेखक बसला, तर काळाचा हा संस्कार त्यानें आणावा कोठून? इंग्रज लेखक जे. आर. आर. टॉल्किन (१८९२-१९७३) यांच्यापुढें ही अडचण होती. आणि तिच्याहून मोठी दुसरीहि होती. ते श्रद्धावान् रोमन कॅथलिक होते. सृष्टि कोणीं व कशी निर्मिली, हें त्यांच्या धर्मग्रंथानें पूर्वींच सांगून ठेवलेलें. अशा मनुष्यानें दुसरी सृष्टि व तिचा निर्माता कल्पावा, हें पाखंड तर नव्हे?

त्यांच्या उत्पत्तिकथेचें नांव 'आयनुलिंदाले'. हा शब्द त्यांनीं स्वतःच घडविलेल्या एका भाषेंतला असून त्याचा अर्थ 'आयनूरांचें संगीत' असा आहे. पहिलें महायुद्ध १९१८ मध्यें संपल्यावर टॉल्किन ऑक्सफर्ड येथें मोठ्या इंग्रजी शब्दकोशाच्या कामावर होते. त्या दिवसांतला हा पहिला खर्डा.

कथा अशी आहे. आरंभीं एकटा एरू होता. त्यानें आपल्या विचारांतून आयनूर नांवाचे दिव्य जीव उत्पन्न केले. पुष्कळ काळ प्रत्येक जण एकेकटा गाई व इतर ऐकत. कारण ज्याला त्याला एरूच्या मनाचा आपल्यापुरताच भाग उमगलेला होता. ऐकतां ऐकतां ते एकमेकांस ओळखूं लागले. मग एरूनें एक विशाल विषय मांडला आणि सर्वांनीं मिळून तो विस्तारावा असें सांगितलें. त्यांतला सर्वांत समर्थ मेल्कोर. तो त्यांत स्वतःचेंच कांहीं घुसडूं लागला. जवळचे गायक बावरले, कित्येक त्याच्याच सुरांत सूर मिळवूं लागले. एरूनें दुसरा विषय उभा केला. तोहि कोलाहलांत बुडाला. तिसरा आरंभीं अगदीं हळुवार होता, पण तो बुडेना. शेवटीं दोन संगीतें एकाच वेळीं चालूं लागलीं: एक संथ, गंभीर, दुःखानें ओलावलेलें, दुसरें कर्णकटु, त्याच त्या थोड्या सुरांचें पालुपद घोळणारें. आणि गंमत ही कीं, या दुसऱ्याचे जे विजयाचे सूर, तेच पहिलें संगीत उचलून आपल्यांत गुंफून घेई.

आपल्याकडील श्रोत्याला येथें नादब्रह्म आठवल्यावांचून राहणार नाहीं. तें साम्य मात्र फार ताणूं नये. या कथेंत नाद म्हणजे सृष्टि नव्हे. तो नुसता आराखडा. संगीत थांबल्यावर एरू त्याचें दृश्य आयनूरांस दाखवितो, तें पुरें होण्याच्या आधींच काढून घेतो, आणि मग 'एआ', म्हणजे 'होवो', हा शब्द उच्चारतो. तेव्हां कोठें जग अस्तित्वांत येतें. पहिल्या खर्ड्यांत हें नव्हतें. तेथें आयनूरांस जें दिसतें, तें आधींच सिद्ध झालेलें जग असतें. दुसऱ्या महायुद्धानंतरच्या संस्करणांत हा शब्द आला, आणि पाखंडाच्या शंकेचें उत्तर त्यांतच आहे. गाणारे कितीहि थोर असोत, अस्तित्व देण्याचा अधिकार एकट्या एरूचा. १९३९ सालीं स्कॉटलंडांत सेंट अँड्र्यूज येथें परीकथांवर व्याख्यान देतांना टॉल्किन यांनीं लेखकाच्या कामाला 'उपसृष्टि' म्हटलें: मनुष्य रचतो, कारण रचणाऱ्यानेंच त्याला आपल्यासारखा रचिला आहे. म्हणजे आयनूर जेथें उभे आहेत, तेथेंच कवीहि उभा आहे.

या पुराणांतलें खरें रत्न मात्र पाण्याच्या प्रसंगांत आहे. उल्मो हा जलाचा अधिपति. त्याच्या राज्यावर मेल्कोर कडाक्याची थंडी सोडतो, तीव्र उष्णताहि सोडतो. एरू उल्मोला दाखवितो कीं, थंडीनें झरे नष्ट झाले नाहींत, उलट हिम व दंव यांचें नाजूक नक्षीकाम जन्मास आलें. उष्णतेनें समुद्र आटला नाहीं, मेघ झाले, पाऊस झाला. पाणी इतकें सुंदर होईल हें आपल्याही मनांत आलें नव्हतें, असें उल्मो कबूल करतो. दुबळा लेखक येथें दुष्टपणा हा भासच आहे असें म्हणून मोकळा झाला असता. टॉल्किन तसें म्हणत नाहींत. १९१६ च्या सोमच्या लढाईंत ते स्वतः होते, जिवलग मित्र त्यांनीं त्या युद्धांत गमावले होते. त्यांच्या कथेंत थंडी ही थंडीच राहते. तिसऱ्या विषयांतलें दुःख शेवटपर्यंत विरत नाहीं.

आतां राहिली ती काळाच्या संस्काराची अडचण. पहिल्या खर्ड्यांत रूमिल नांवाचा वृद्ध एल्फ एरिओल या दूरदेशच्या दर्यावर्द्याला ही कथा सांगतो; पुढें तिचा कर्ताच रूमिल ठरला. पण युक्ति लेखकाच्याच गळ्यांत आली. जुन्या कथांप्रमाणें पृथ्वी प्रथम सपाट होती, सूर्यचंद्र दोन दिव्य वृक्षांच्या अखेरच्या फळाफुलांतून मागाहून झाले. ज्या एल्फांना आयनूरांपैकींच कित्येकांनीं शिकविलें, त्यांना इतकें खोटें ज्योतिष कसें पटावें? १९४६ च्या सुमारास त्यांनीं गोल पृथ्वीचा पाठ लिहिला व बाजूला ठेवला. पुढें दहाएक वर्षांनीं तीच रुखरुख पुन्हा उठली, तेव्हां त्यांना तोड सुचली ती अशी: हें एल्फांचें शुद्ध ज्ञान नव्हेच, मनुष्यांच्या मुखांतून गढूळ होऊन आलेली परंपरा आहे. खऱ्या पुराणांना काळ जें करतो, तें त्यांनीं आपल्या पुराणाला मुद्दाम करूं दिलें.

त्याप्रमाणें सगळें नव्यानें लिहिणें मात्र झालें नाहीं. त्यांच्या मृत्यूनंतर चार वर्षांनीं, १९७७ सालीं, पुत्र क्रिस्टोफर यांनीं 'सिल्मरिलियन' प्रसिद्ध केलें, त्याच्या अग्रभागीं जुन्याच परंपरेचा पाठ घातला. गोल पृथ्वीचा पाठ छापून निघावयास १९९३ साल उजाडलें.