गाडी धरली, पण पंचनामा कुठंय?

पाऊस सरला, गोदावरीचं पात्र उघडं पडलं, की माझ्याकडे वाळूची प्रकरणं यायला लागतात. येणारा बहुधा छोटा माणूस असतो. ट्रॅक्टर फायनान्सवर घेतलेला, हप्ता तुंबलेला. त्याचा पहिला प्रश्न ठरलेला, "वकीलसाहेब, गाडी कधी सुटंल?" मी आधी पंचनामा मागतो.

असाच एक पंचनामा माझ्यासमोर आला होता. जागा 'नदीपात्रालगत', गट नंबर नाही. वेळेची जागा कोरी. वाळू 'अंदाजे एक ब्रास'. ब्रास म्हणजे शंभर घनफूट. ट्रॉलीला टेप लावला असता तर पाच मिनिटांत नेमका आकडा निघाला असता. पंच दोघेही कार्यालयातलेच. ती वाळू चोरीची होती की पासवरची, हे त्या कागदावरून कोणालाच सांगता आलं नसतं. आणि दंड मात्र त्याच कागदावर ठोठावलेला!

महसूल खात्याची जप्ती होते ती महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 48 खाली. विनापरवाना वाळू काढली किंवा नेली तर पोटकलम 7 प्रमाणे बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड, आणि तो तहसीलदार लावू शकतात. गाडीचं मात्र वेगळं आहे. पोटकलम 8 सांगतं, की धरलेली गाडी 48 तासांच्या आत जिल्हाधिकाऱ्यांपुढे किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या, निदान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे हजर करायची. दंड आणि जातमुचलका घेऊन ती सोडायची की नाही, हे त्यांनी ठरवायचं. 2018 च्या नियमदुरुस्तीने हा दंड ट्रॅक्टरला एक लाख, डंपरला दोन लाख केला. वाळूचा आणि गाडीचा दंड एकाच आदेशात, एकाच तहसीलदाराच्या सहीने, मालकाचं म्हणणं न ऐकताच लावलेला असला, की आव्हानाला जागा मिळते.

पोलिसांनी चोरीचा गुन्हा नोंदवून गाडी धरली तर रस्ता बदलतो. खनिज कायद्याची कारवाई असली तरी चोरीचा खटलाही चालू शकतो, हे सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्ये दिल्लीच्या संजय प्रकरणात स्पष्ट केलं. अशी गाडी मागायची ती न्यायदंडाधिकाऱ्यांकडे. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 451 आणि 457 खाली, आता नागरिक सुरक्षा संहितेच्या 497 आणि 503 खाली. तिथे आम्ही वकील 2002 चा सुंदरभाई देसाई निकाल पुढे करतो. धरलेली वाहनं ठाण्याच्या आवारात सडवत ठेवू नका, फोटो काढा, हमी घ्या आणि ताबा द्या, असं त्यात बजावलं आहे. टायर बसलेला, बॅटरी गायब झालेला ट्रॅक्टर सोडवून नेणारा मालक पाहिला की हा निकाल किती गरजेचा होता ते कळतं.

याचा अर्थ वाळूउपसा चालू द्यावा असा नाही. पात्र खोल गेलं की काठ ढासळतात, शेजारच्या विहिरींचं पाणी उतरतं. 2012 च्या दीपक कुमार प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने पाच हेक्टरांखालच्या गौण खनिजपट्ट्यांनाही पर्यावरण मंजुरी सक्तीची केली, ती याचसाठी. पण ढिसाळ जप्ती अपिलात टिकत नाही. खरा वाळूचोर त्यातून मोकळा सुटतो, आणि खिशात वैध पास असलेला माणूस महिनोन्महिने चकरा मारत राहतो. माझ्या मते नदीचं सगळ्यात जास्त नुकसान अशा कागदांनीच केलं आहे.

गाडी धरली गेली तर त्याच दिवशी पंचनाम्याची प्रत मागा, वाहतूक पास जपून ठेवा. प्रांताधिकाऱ्यांच्या किंवा तहसीलदारांच्या आदेशावर अपिलाची मुदत 60 दिवस, जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशावर 90. थेट हायकोर्टात गेलात तर बहुधा 'आधी अपील करा' असंच ऐकावं लागेल. अधिकार नसताना किंवा सुनावणीच न देता आदेश काढला असेल तर गोष्ट निराळी. आणि पंचनामा लिहिणाऱ्या तलाठी, मंडळ अधिकाऱ्यांना हात जोडून सांगणं आहे: ट्रॉलीला टेप लावा, वेळ आणि गट नंबर लिहा, पंच गावातले घ्या.