तीन दिग्दर्शक, एक कॅमेरा

पुणे : हिंदीतील समांतर चित्रपटांचा इतिहास सांगताना १९६९च्या सुमारास थांबावेच लागते. मृणाल सेन यांचा 'भुवन शोम', बासू चटर्जी यांचा 'सारा आकाश' आणि मणी कौल यांचा 'उसकी रोटी' हे तीन चित्रपट याच काळात फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या अर्थसाह्यातून साकारले. तिन्ही दिग्दर्शकांची प्रकृती परस्परांहून भिन्न होती. कॅमेरा मात्र एकाच तरुणाच्या हाती होता. तो तरुण म्हणजे पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून नुकतेच बाहेर पडलेले के. के. महाजन.

आडनावावरून मराठी वाटावेत, असे महाजन मूळचे पंजाबातील गुरुदासपूरचे. १९३३ मध्ये 'प्रभात'ने कोल्हापूर सोडून पुण्यात स्टुडिओ उभारला. त्याच वास्तूत १९६० मध्ये केंद्र सरकारने ही संस्था सुरू केली. महाजन तेथून १९६६ मध्ये उत्तीर्ण झाले. मणी कौल आणि कुमार शहानी हे त्यांचे समकालीन विद्यार्थी. ऋत्विक घटक यांनीही याच सुमारास तेथे अध्यापन केले.

पैसा कमी, प्रकाशही कमी

स्टुडिओतील सेटची भिंत हलविता येते, वरून हवे तेवढे दिवे सोडता येतात. खऱ्या घरात ही सोय नसते. नव्या दिग्दर्शकांकडे सेट उभारण्याइतका पैसा नव्हता आणि त्यांना खरी घरे, खरे रस्तेच हवे होते. खिडकीतून येणारा उजेड आणि अपुरी जागा यांतूनच चित्रचौकट घडवायची, हे आव्हान छायालेखकापुढे असे. 'सारा आकाश'मध्ये महाजन यांनी आग्र्यातील एकत्र कुटुंबाची घुसमट टिपली, तर 'भुवन शोम'मध्ये सौराष्ट्रातील वाळूचे मोकळे विस्तार.

'उसकी रोटी'ची वाट आणखी निराळी. बसचालक पतीसाठी भाकरी घेऊन थांब्यावर ताटकळणाऱ्या स्त्रीची ही कथा. कौल यांनी त्यासाठी मुख्यतः दोन भिंगांची योजना केली. २८ मिलिमीटरच्या भिंगातून जवळचे आणि दूरचे सारे स्पष्ट दिसते. १३५ मिलिमीटरच्या भिंगातून व्यक्ती सभोवतालापासून सुटी होते. प्रत्यक्ष घडणारे आणि मनात घडणारे यांची सरमिसळ भिंगांच्या या भेदातून साधण्याचा तो प्रयोग होता.

चाळीपासून कान महोत्सवापर्यंत

केवळ प्रायोगिकतेचा शिक्का महाजन यांनी स्वतःवर बसू दिला नाही. बासू चटर्जी यांच्या 'पिया का घर' (१९७२) या 'मुंबईचा जावई'वरून केलेल्या हिंदी चित्रपटात त्यांनी मुंबईच्या चाळीतील दाटी दाखविली. पुढे 'रजनीगंधा' आणि 'छोटी सी बात'मधून मध्यमवर्गीयांचे नित्याचे जग प्रसन्न उजेडात पडद्यावर आले. याच वर्षांत ते सेन यांच्यासाठी कोलकात्याचे अस्वस्थ रस्तेही चित्रित करीत होते. सेन यांच्या 'खारिज'ला १९८३ मध्ये कान महोत्सवात ज्युरी पारितोषिक मिळाले. शहानी यांच्या 'मायादर्पण' आणि 'तरंग'मध्ये तर रंग हाच आशयाचा भाग झाला.

'सारा आकाश', 'उसकी रोटी', 'मायादर्पण' आणि सेन यांचा 'कोरस' या चार चित्रपटांसाठी महाजन यांना छायालेखनाचे राष्ट्रीय पुरस्कार लाभले. 'मायादर्पण' रंगीत, उरलेले तीन कृष्णधवल.

दिग्दर्शकाच्या स्वभावानुसार शैली बदलण्याची ही क्षमता हेच त्यांचे सामर्थ्य. आणि बहुधा त्यांच्या अप्रसिद्धीचे कारणही तेच. 'महाजन शैली' अशी सहज ओळखू येणारी मुद्रा त्यांनी उमटविली नाही. त्यामुळे श्रेय दिग्दर्शकाच्या नावे जमा होत गेले. सेन यांनी मात्र 'इंटरव्ह्यू'मध्ये गंमत केली. नायक ट्राममधून प्रेक्षकांशीच बोलू लागतो, आपला पाठलाग करणाऱ्या कॅमेऱ्याचा उल्लेख करतो आणि पडद्यावर चित्रीकरण करणारे महाजन दिसतात.

१३ जुलै २००७ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. चित्रपट चित्रफितीवरून डिजिटलवर गेला, उपकरणे हलकी झाली. तरी मर्यादित खर्चात, खऱ्या जागी चित्रीकरण करणाऱ्या आजच्या तरुणांपुढील प्रश्न तोच आहे : आहे त्या उजेडात काय दाखवायचे? त्याची काही उत्तरे या चित्रपटांत सापडतील.